बुटावर फुटलेलं अंडं

औरंगाबादला टीव्हीच्या शूटिंगमध्ये मी लाइट सांभाळत होतो, तेव्हा एक विनोदी जादूगार एकदाच भेटला. टोपीतून काढलेलं अंडं त्याच्याच बुटावर फुटलं. तो ओशाळून बघत राहिला आणि अख्खा हॉल हसून लोटपोट झाला.

“कट! अंडं फुटलं, परत घेऊ,” दिग्दर्शक ओरडले.

त्याचं ओशाळणं क्षणात गेलं.

“साहेब, असं फोडायला दहा वर्षं लागली मला. पिशोरच्या बाजारात लई अंडी फोडली. चूक वाटत असंल, तर तुमी फोडून दाखवा.”

त्यानं दुसरं अंडं पुढं केलं. दिग्दर्शकांनी ते रागानं स्वतःच्या बुटावर पाडलं. कुणीच हसलं नाही.

“आता पुढचा शॉट घ्या,” जादूगार म्हणाला.

‘कट’ ऐकूनही मी लाइट बंद केलाच नव्हता.