मोहाखाली बसलेला मनोहर

फोन आला तेव्हा मी आरमोरीच्या बाजारात भाजी घेत होतो. मनोहरची मोठी बहीण शेवंताबाई बोलत होती. "भाऊ, मनोहरले वाघानं नेलं," एवढंच म्हणाली आणि फोन चालूच राहिला... मागे बायकांचे आवाज येत होते. रडण्याचे नव्हे. सगळ्याजणी त्याला हाका मारत होत्या.

मनोहर आणि मी पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या एकाच नाटक कंपनीत वाढलो. धान घरात आलं की गावोगाव प्रयोग असायचे. नाटकं तोच लिहायचा, खलनायकही तोच. त्याचा मार खाणारा मी. पुढे मी शाळेत मास्तर झालो आणि तो मुंबईला गेला. तिथं मालिकांमध्ये हवालदार, गडी, ड्रायव्हर अशीच कामं मिळाली. आपली बोली बोलायला सांगत, ती लोकांना हसवण्यापुरती. "मी 'मले' म्हटलं का सगळे हासतेत गा," एकदा म्हणाला होता. मग त्यानं पुन्हा लेखणी धरली. आधी दुसऱ्यांच्या मालिकांचे संवाद, नंतर स्वतःच्या पटकथा. पडद्यावर नाव येऊ लागलं, कुरखेड्याजवळच्या त्याच्या गावात बुद्धविहारात सत्कार झाला. पण आपली माणसं आपल्याच बोलीत गंभीरपणे बोलतील अशी एक तरी मालिका लिहायची, हे त्याच्या मनातून गेलं नाही.

त्यासाठीच तो यंदा मोहाची फुलं गळण्याच्या दिवसांत गावी आला. रोज सकाळी शेवंताबाई आणि इतर बायकांबरोबर फुलं वेचायला जंगलात जायचा आणि झाडाखाली बसून त्यांचं बोलणं ऐकायचा. तो आला त्याच आठवड्यात बोडीच्या, म्हणजे गावतळ्याच्या, काठावर वाघाची पावलं दिसली होती. शेजारच्या गावची एक गाय वाघानं नेली होती. वनखात्याची माणसं जाऊ नका म्हणून सांगून गेली, पण मोहाची फुलं कोणासाठी थांबत नाहीत, बायका जातच राहिल्या. एक दिवस मीही त्यांच्याबरोबर गेलो होतो, तेव्हा शेवंताबाई माझ्यादेखत त्याला म्हणाली, "उभा राहून आयक ना. खाली काऊन बसतो? बसलेला माणूस त्याले जनावर वाटते."

"उभा राह्यलो का तुमी पाव्हण्यासमोर बोलल्यावानी बोलता, बाई. तुमच्यात बसलो तरच खरं आयकू येते."

फोन आला त्या सकाळी वानरं ओरडली आणि एकदम गप्प झाली. शेवंताबाईनं मान वर केली. "उठा, चला," म्हणाली. बायका टोपल्या उचलून उभ्या राहिल्या. एक म्हातारी मनोहरला आपल्या नवऱ्याची गोष्ट सांगत होती. ती पुरी होईपर्यंत तो उठायला तयार नव्हता... त्याच्या पाठीमागचं झुडूप हललं, एवढंच शेवंताबाईला आठवतं.

परवा मी तिकडे गेलो. आता विडीसाठीची तेंदूपानं तोडणं सुरू झालं आहे. बायका जोडीनं जातात. एक पानं तोडते, दुसरी तिच्या पाठीला पाठ लावून उभी राहते आणि मोठ्यानं बोलत राहते. आवाज असला की वाघ लांब राहतो म्हणतात.

"एवढं काय बोलता?" मी शेवंताबाईला विचारलं.

"बोलाचं सरते, भाऊ. मंग मनोहरच्या नाटकातलं बोलतो. सगळ्याईले पाठ हाये."

मी रस्त्यावर उभा राहून ऐकत होतो. झाडांत कोणी दिसत नव्हतं. एक बाई खलनायकाचं लांबलचक भाषण म्हणत होती, मनोहरच्याच ठेक्यात, त्याच्याच जरबेनं. मध्येच ती थांबली. मी झाडांकडे दोन पावलं टाकली... मग दुसरीनं पुढचं वाक्य उचललं.