खडूची रेघ

आठवीत शाळा सोडून मी यावलच्या वरच्या आमच्या पाड्यावरून धुळ्याला आलो, तेव्हा चाचांनी, नात्याचे ना गावाचे, मला त्यांच्या टेलरिंगच्या दुकानात ठेवून घेतलं. काजं करण्यापासून कात्री धरण्यापर्यंत सगळं त्यांनीच शिकवलं. माझ्या लग्नाचा सफारीही त्यांनीच बेतला.

दोन वर्षांपासून चाचांचा हात थरथरतो. कापडावर रेघ तेच मारतात, कात्री मी चालवतो. रेघ वाकडी येते. मी कात्री रेघेवरून नेत नाही; ती जिथून जायला हवी होती तिथून नेतो. "बरोबर शे ना रे?" ते विचारतात. "शे, चाचा." नजर अधू झालीय, त्यांना दिसत नाही. गिऱ्हाइकांना दिसू नये म्हणून मी आडवा उभा राहतो.

अशात पुण्याची एक मुलगी कॅमेरा घेऊन आली. तिला धुळ्यावर सिनेमा करायचा होता. गोष्ट नाही, बोलणं नाही. शहर दिवसभर काय करतं, तेवढंच.

"हिरो नाही, गाणं नाही, आमची थोबाडं बघायला कोण येईल?" शेजारचा पानवाला म्हणाला.

ती आमच्या दुकानात आली तेव्हा मी कॅमेऱ्यापुढेही आडवा उभा राहिलो. "दादा, थोडं सरका ना." मी सरकेना. शेवटी तिनं माळ्यावर चढून वरून चित्रण केलं.

दुसऱ्या दिवशी मी तिला फोन करून विचारलं, "ताई, आमचं तेवढं काढता येईल का?"

"अहो, तेच तर सगळ्यात छान आलंय!"

शाळेच्या हॉलमध्ये सिनेमा दाखवला. मी चाचांशेजारी बसलो होतो. भाजीबाजार गेला, बसस्टँड गेलं, आणि मग पडदाभर ते कापड. नागमोडी पांढरी रेघ, आणि तिला सोडून सरळ चाललेली कात्री. एवढं मोठं, की अधू नजरेलाही दिसावं. मागून कुणीतरी ओरडलं, "वा चाचा, काय हात आहे!"

चाचांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "हात याचा शे," एवढंच म्हणाले. हॉलचे दिवे लागायच्या आत उठून गेले. आता ते दुकानात येतात की नाही, या धास्तीत माझा डोळा लागला नाही.

सकाळी ते माझ्याआधी हजर होते. कापड पसरलेलं. खडू माझ्यापुढे सरकवून म्हणाले, "मार रेघ."

खडू धरला तर माझाच हात थरथरायला लागला.

"दोन साल माझी रेघ सोडून कापत होता, तेव्हा नाही डरला?" चाचा हसले. "मार. मी बसलोय इथं."