उद्यापनाच्या फळांचं काय होतं

आमच्या बिल्डिंगमध्ये किस्से फळांसारखे साठतात. मुद्दाम कोणी आणत नाही, पण मार्गशीर्ष संपता संपता घराघरात टोपलीभर झालेले असतात, आणि खराब व्हायच्या आत कोणाला तरी वाटून टाकावे लागतात. म्हणून हे वाटप.

आधी फळं कुठून येतात ते सांगते. मार्गशीर्षातल्या शेवटच्या गुरुवारी उद्यापन असतं. सवाष्णी बोलवायच्या, हळदीकुंकू लावायचं, हातात एक फळ द्यायचं. भूगावच्या आमच्या बिल्डिंगमध्ये हे जवळजवळ प्रत्येक घरी असतं. त्यामुळे त्या संध्याकाळी सगळ्या बायका सगळ्यांकडे निघालेल्या असतात आणि घरी कोणीच नसतं. बरंचसं हळदीकुंकू लिफ्टमध्येच उरकतं.

माझी मुलगी इरा तान्ही होती त्या वर्षी मी तळमजल्यावरच्या काकूंना एक सफरचंद दिलं. देठाजवळ मोठा डाग होता, म्हणून ती बाजू खाली करून दिलं. रात्री जेवायच्या आधी चौथ्या मजल्यावरची केतकी आली आणि तिने माझ्या हातात फळ ठेवलं. तेच सफरचंद. डागावर आता तीन घरांचं कुंकू होतं. बाळंतपणानंतर मी जेवढी बिल्डिंग फिरले नव्हते तेवढी ते एका संध्याकाळीत फिरून आलं होतं.

मी केतकीला डाग दाखवला. ती म्हणाली, "प्राजक्ता, हे आता कापायला हवं. नाहीतर पुढच्या वर्षी पण येईल."

तिच्या फ्रिजच्या दारात ऑफिसने दिवाळीला दिलेली स्पार्कलिंग वाइन उभी होती. तिथून हे उद्यापनाच्या फळांचं कॉकटेल सुरू झालं. गुरुवारी नाही हं. इतक्या पुढारलेल्या आम्ही नाही. शनिवारी.

*

आम्ही म्हणजे बिल्डिंगमधल्याच तिघी. केतकी कोथरूडची. तिला प्रत्येक गोष्टीची योग्य पद्धत माहीत असते. शबाना पौडची, बाजारपेठेत तिच्या वडिलांचं कापडाचं दुकान आहे. ती कुंकू लावत नाही आणि वाइन पीत नाही, पण दोन्हीकडे पहिली हजर असते. "कुंकू राहू दे, फळ दे," असं दारातच सांगते. आणि तिसरी मी. मला फक्त काळजी करता येते.

माझी मुख्य काळजी म्हणजे सासूबाई. त्या मुळशीतल्या रिहे गावच्या. इरा झाली तेव्हा "पोर बसाया लागंस्तवर ऱ्हाती" म्हणून आल्या. पोर बसलं, चाललं, पळायला लागलं, आणि त्या राहिल्या. त्या आहेत म्हणून मी ऑफिसला जाते. इरा त्यांच्याशिवाय झोपत नाही आणि खरं सांगायचं तर मीही नाही. शेजारच्या विंगमध्ये एका सुनेच्या फ्रिजमध्ये बिअरचे कॅन सापडले, तर तिच्या सासूबाई दुसऱ्या दिवशी गावी गेल्या. त्या परत आल्याच नाहीत. सून आता नोकरी सोडून घरी आहे.

आमच्याकडे तर साधी वाइन नव्हती. देवीपुढचं फळ वाइनमध्ये बुडवलेलं होतं.

*

पहिल्या वर्षी इरा अंगावर पीत होती, त्यामुळे मी फक्त फळं चिरायला होते. उद्यापनात स्वस्त आणि मस्त म्हणून सगळ्या जणी केळी देतात. मी भक्तिभावाने सगळी केळी चिरली, जगमध्ये घातली, वर संत्री, डाळिंबाचे दाणे. केतकीने वाइन ओतली. थोड्या वेळाने केळी काळी पडली आणि खाली गाळ बसला.

केतकीने चमचा बुडवून वर काढला. थेंब पडेना.

"हे कॉकटेल नाही," ती म्हणाली. "हे शिकरण आहे."

शबाना शांतपणे म्हणाली, "शिकरणात कोणी इतकी महाग साखर घालत नाही."

तेव्हापासून नियम झाला, केळी नाहीत. मी तर इतकी धास्तावले की पुढच्या वर्षी उद्यापनाच्या आधी फोनवर केतकीला बजावून सांगितलं, "केळी बाजूला काढ गं, काळी पडतात." फोन ठेवला तर सासूबाई मागे बसून तांदूळ निवडत होत्या. पण त्या तेव्हा इराला गाणं म्हणत होत्या, त्यामुळे त्यांना ऐकू गेलं नसणार, असं मी ठरवलं.

*

दुसऱ्या वर्षी इराचं अंगावरचं सुटलं होतं. आता मलाही एक ग्लास मिळणार होता, म्हणून बाटली उघडायचं काम माझ्याकडे आलं.

मी आदल्या दिवशी व्हिडिओ पाहिले. हीच चूक झाली. पहिल्यात एक जण हसत हसत बूच काढत होता. दुसऱ्यात एक डॉक्टर डोळ्याला झालेल्या इजेबद्दल सांगत होता. मी अर्थातच दुसरा शेवटपर्यंत पाहिला. म्हणून शनिवारी केतकीच्या स्वयंपाकघरात मी नवऱ्याचं हेल्मेट घालून उभी राहिले. काच खाली. बाटलीवर टॉवेल. केतकी आणि शबाना फ्रिजच्या आडोशाला. तार सैल केली, बूच धरलं, बाटली हळूहळू फिरवली.

बूच 'पुक' असं म्हणून बाहेर आलं. इराला ढेकर येते तेव्हा याहून मोठा आवाज होतो.

आणि मी मागे वळले तर दारात सासूबाई. आमच्या बिल्डिंगमध्ये दुपारी दारं लोटलेलीच असतात.

"काय चाललंय गं?"

बाटली टॉवेलात होती. मी ती बाळाला धरतात तशी कुशीत घेतली आणि हेल्मेटच्या आतून म्हणाले, "काही नाही आई, इराशी खेळतेय."

सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मग त्यांनी आपल्या खांद्याकडे पाहिलं. इरा तिथे गाढ झोपली होती.

"बरं," त्या म्हणाल्या. "खेळ."

आणि खाली निघून गेल्या.

*

सासूबाई गेल्यावर मी हेल्मेट काढलं. आणि जग भरला. संत्री, डाळिंब, सफरचंद, पुदिन्याची पानं, वरून वाइन. छान दिसत होतं. मग इतक्या वर्षांच्या सवयीने, चिरलेली फळं दिसली म्हणून, माझा हात चाट मसाल्याकडे गेला. चिमूटभर टाकला.

जगमधून जो फेस उसळला तो टेबलावरून, टेबलक्लॉथवरून, केतकीच्या नव्या कार्पेटपर्यंत गेला. केतकी जग धरून सिंककडे पळाली. तिच्या मागे डाळिंबाच्या दाण्यांची रांग.

 शबाना म्हणाली, "तुमच्यात नव्या घरात दूध उतू घालवतात ना? शुभच झालं म्हणायचं."

उरलेलं केतकीने दोन ग्लासांत ओतलं. माझ्या वाट्याला संत्र्याची एक फोड आणि पुदिना आला. पण चव चांगली होती. निदान चाट मसाल्याची तरी. घरी गेल्यावरही कुर्त्याला तोच वास येत होता.

शबानासाठी मी वेगळं करते: मोसंबीचा रस, सोडा आणि तीच फळं. तिन्ही ग्लास सारखे, रंगही सारखा. चुकून अदलाबदल झाली तर? या विचाराने मला आदल्या रात्री झोप नव्हती. म्हणून तिचं पेय मी इराच्या झाकणाच्या कपात भरलं. दोन कान आणि वर ससा. आता चूक व्हायला जागाच नव्हती.

शबाना पूर्ण संध्याकाळ त्या सशातून चोखत बसली. निघताना म्हणाली, "प्राजक्ता, ऑफिसात तुझ्या टीमला पण असंच पाजतेस का गं?"

*

सोमवारी सासूबाईंनी टोपली पाहिली.

"येवढी फळं कुटं गेली?"

"इराने खाल्ली," मी म्हणाले.

इरा वरणभात खाते. फळाचा तुकडा तोंडात घातला की ती तो माझ्याच हातावर परत ठेवते. पण सासूबाई इतक्या खूश झाल्या की मला माघार घेता येईना. त्यांनी खालच्या काकूंना सांगितलं. रिह्याला फोन करून दिरांना सांगितलं. दर रविवारी दीर मोटरसायकलवरून पेरू, पपई, चिकू आणायला लागले. मी ऑफिसला जाताना डब्यात लपवून नेऊन वाटायला लागले. ऑफिसात माझी फार चांगली प्रतिमा तयार झाली.

मग लसीच्या वेळी आम्ही दोघी इराला घेऊन बावधनला डॉक्टरांकडे गेलो. डॉक्टरांनी खाण्याबद्दल विचारलं. मी तोंड उघडायच्या आत सासूबाई म्हणाल्या, "फळं लई खाती. टोपली पुरत न्हाई."

डॉक्टरांनी वजन पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं. "मग जातात कुठे?"

मी खाली बघितलं. सासूबाई माझ्याकडे बघत होत्या, ते मला खाली बघूनही कळत होतं.

"जात असतील कुटंतरी," त्या डॉक्टरांना म्हणाल्या. "तुमी सुई टोचा."

 घरी आल्यावर त्यांनी दिरांना फोन लावून "आता फळं नकोत" एवढंच सांगितलं. आणि मग म्हणाल्या, "रिह्याला जाऊन यावं म्हणती." दुसऱ्या दिवशी त्या गेल्याही. चार दिवस रजा टाकून मी इराला सांभाळलं. पाचव्या दिवशी त्या परत आल्या, भाताचं पोतं घेऊन. का गेल्या होत्या, हे मी विचारलं नाही. एवढंच ठरवलं की यंदा कॉकटेल बंद. केतकीला तसं सांगितलंही. ती म्हणाली, "बघू." शबाना म्हणाली, "सशाचं काय मग?"

*

यंदाचा शेवटचा गुरुवार. सासूबाई सकाळी म्हणाल्या, "फळं म्या आणली हायेत. तू बघू नको." दिरांनी आदल्या दिवशी फळांची झाकलेली पाटी आणून ठेवली होती. संध्याकाळी बायका आल्या. सासूबाईंनी सगळ्यांना हळदीकुंकू लावलं आणि हातात एकेक संत्रं ठेवलं.

तळमजल्याच्या काकूंनी विचारलं, "यंदा केळी नाहीत वाटतं?"

"न्हाई," सासूबाई म्हणाल्या. "पोरींना चालत न्हाईत."

मी कुंकवाचं तबक देवीपुढे नेऊन ठेवलं. केतकी देवीकडे एकटक बघायला लागली, तिच्या इतक्या भक्तीची मला कल्पना नव्हती. शबाना दारात उभी होती. ती म्हणाली, "काकू, मला फळ द्या, मी निघते."

शुक्रवार मी कसा काढला ते मलाच माहीत. सासूबाई नेहमीसारख्याच. इराला गाणी, देवीची पूजा आवरणं, माझ्या डब्यात जास्तीची पोळी.

शनिवारी दुपारी मी कपड्यांच्या घड्या घालत होते. केतकीकडे जायचं नव्हतंच. सासूबाई आतून पाटी घेऊन आल्या आणि माझ्यासमोर ठेवून वरचं फडकं काढलं. डाळिंबं, मोसंबी, हिरवीगार पुदिन्याची जुडी, आणि एका कोपऱ्यात द्रोणात लालभडक स्ट्रॉबेऱ्या.

"घिऊन जा वर," त्या म्हणाल्या. "पोरी वाट बघत असत्याल."

मी घडी घातलेला इराचा फ्रॉक परत उलगडला. 

"इराला म्या निजवती. मसाला टाकू नको त्यात."

मी पाटी उचलली. दारापर्यंत गेले. चपला पायांत अडकेनात.

"आन् प्राजक्ता," मागून आवाज आला. "हेल्मेट इसारलीस."