परीमाशाची भरपाई

माझं अक्षर गिचमिड आहे, आणि चौथीनंतर शाळा सुटल्यामुळे ऱ्हस्व-दीर्घ कुठे चुकतं ते मलाच कळत नाही. ही पानं कुणाच्या हाती लागलीच तर त्याने राग मानू नये. तोंडाने बोलायला मला लाज वाटते, म्हणून लिहिते.

चैत्राच्या दुपारी तापलेल्या मातीचा आणि मोहफुलांचा आंबूस वास मी धुण्याभांड्याला होते त्या वरठीच्या घरात भरून राहायचा, पण बैठकीचं दार लोटलं की एकाएकी खारट, ओला गारवा अंगावर यायचा. तिथे काचेच्या पेटीत समुद्र होता. मी खरा समुद्र पाहिलेला नाही. फरशी पुसता पुसता एकदा त्यात बोट बुडवून चाखलं, तेवढीच माझी त्याची ओळख.

बाई मालवणकडच्या. साहेबांच्या नोकरीपायी इकडे आल्या, आणि भाताच्या बांध्या नि तळी बघून त्यांचं मन काही भरेना. म्हणून बोटीवर काम करणाऱ्या त्यांच्या भावाने समुद्रातले जिवंत मासे पाठवले होते. पाणीसुद्धा कॅनमधून रेल्वेने यायचं. बाई त्यांना परीमासे म्हणायच्या. बोटभर लांब, फिक्या गुलाबी माद्या आणि त्यांच्यात एकच नर, ओल्या कुंकवासारखा लाल, कडेला हिरवी झाक. समुद्रात प्रवाळाच्या ढिगाऱ्यावर यांचे थवेच्या थवे तरंगतात, आणि उन्हं कलली की नर पंख फुलवून असा उजळतो की पाणबुडेही थबकतात, असं भावाने लिहिलं होतं. आमच्या बैठकीतही तो संध्याकाळी उजळायचा. इथे त्याला थवा नव्हता, प्रवाळ नव्हतं, तरी वेळ झाली की उजळायचा. मला ते बघवत नसे आणि बघितल्याशिवाय राहवतही नसे.

बाईंची आई आजारी पडली आणि त्या माहेरी गेल्या. जाताना मला एवढंच म्हणाल्या, "यांना सांभाळ गं. इथं माझं म्हणून एवढंच आहे."

त्या नसताना एका दुपारी लाइट गेली. हवेचा पंप थांबला, पेटीतले बुडबुडे विरले, आणि हळूहळू सगळे मासे वर येऊन तोंडं उघडू-मिटू लागले. साहेब कामावर. ओसरीत माझे बाबा बाजार आटोपून पाणी पीत बसले होते. आम्ही ढिवर, मासे धरून विकणारे; बाबा दरवर्षी हावड्याहून अल्युमिनियमच्या हंड्यांत मत्स्यबीज, म्हणजे तळ्यात सोडायची माशांची बारीक पिल्लं, आणायचे, आणि गाडीत सारा वेळ तळहाताने पाणी थापटत बसायचे, कारण हात थांबला की बीज मरतं. त्यांनी आत येऊन पाहिलं आणि पेटीवरची काच उचलली.

"भेऊ नोको पोरी. पानी हालत राह्यलं पायजे. बीज असंच त जगवून आनतो मी."

त्यांचा तो रुंद, भेगाळलेला तळहात पाण्यावर पडू लागला. हंडीतलं बीज त्या हाताला ओळखत असेल. समुद्राचा मासा कसा ओळखेल? सावली पडली, आवाज झाला, आणि लाल नर उसळून पेटीबाहेर गेला, थेट पेटी आणि भिंतीमधल्या फटीत. पेटी पाण्याने भरलेली, दोघांनी रेटली तरी तसूभर हलेना. मागून त्याची तडफड ऐकू येत होती. बाबा जमिनीवर पालथे पडून हात घालत होते, मी काडी शोधत होते, आणि आवाज हळू होत होता. काडीने तो बाहेर आला तेव्हा त्याचा रंग विझला होता. थोड्याच वेळात लाइट आली. बुडबुडे सुरू झाले. माद्या वाचल्या.

बाई परतल्या तेव्हा बाबा दारात हात जोडून उभे होते. "तुमचा मासा माह्या हातानं गेला. मी त्याचे पैसे भरून देतो."

बाईंनी आधी पेटीत डोकावून पाहिलं. मग पैशाचं नाव काढू नका म्हणाल्या. पण बाबा ऐकणारे नव्हते. दर बाजाराला ते एक रोहू आणून द्यायचे, एवढे पैसे वळते करा म्हणायचे. बाईंना तळ्याच्या माशाला चिखलाचा वास येई. तरी नाही म्हटलं तर म्हातारा मोडून पडेल म्हणून त्या घेत, आणि मागच्या दाराने मला देत. बाबा माझ्याकडे जेवायला आले की आपलीच भरपाई आपल्याच ताटात खात, आणि रोहू गोड आहे म्हणत. मी त्यांना आणखी एक तुकडा वाढायची.

पावसाळा सरता सरता सगळ्यात मोठ्या मादीच्या पाठीवर तांबूस रेघ उठली. नर गेला की मोठी मादीच नर होते, त्याचा रंग अंगावर घेते, असं बाईंनी मला समजावलं. ती दिवसेंदिवस लाल होत गेली, कुणी न सांगता, कुणी न विचारता. मी फरशी पुसता पुसता थांबून बघायची. तिला तसं व्हायचं होतं का, हे कुणाला विचारायचं?

धान कापणीला आलं तेव्हा बाबा रोहू घेऊन आत आले आणि पेटीपाशी थबकले. नजर त्यांची अधू झाली होती, पण लाल रंग दिसत होता.

"नवा आनला नं बाई? माह्या रोहूच्या पैशाचा?"

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी हातातल्या चहाच्या कपाकडे पाहत राहिले.

"हो बाबा," त्या म्हणाल्या. "तुमच्याच पैशाचा."

"मंग फिटले आता सारे पैसे."

"फिटले. पुरे फिटले."

बाबांनी आपला तळहात काचेला टेकवला. या वेळी पाणी हललं नाही. आत ती लाल झालेली मादी फिरून त्या हातासमोर आली आणि बाहेर उन्हं कलत होती म्हणून पंख फुलवून उजळली. बाबा हसले, टोपली रिकामी करून काखोटीला मारली आणि कितीतरी महिन्यांनी ताठ चालत फाटकाबाहेर गेले.