देशाच्या वतीने आमचे साडू

न्यूझीलंडची अब्रू आपल्याच खांद्यावर आहे असं मनापासून मानणारा माणूस या देशात पंतप्रधानांखेरीज एकच आहे, आणि तो म्हणजे आमचे साडू. माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. मूळचे पुण्याचे, गेली अठरा वर्षं इथल्या ओटाहुहू उपनगरात फार्मासिस्ट. पण जीव सगळा त्या स्पर्धेत, जिच्यात प्रत्येक देश एकेक गाणं पाठवतो आणि सगळं जग ते टीव्हीवर बघतं. युरोपातली स्पर्धा आपल्याकडे रविवारी सकाळी दिसते. त्या दिवशी सगळ्या नातेवाइकांनी सात वाजता आंघोळी उरकून त्यांच्या घरी हजर राहायचं. पोहे मिळतात, पण गुणांचा कागद भरल्यावर. एकदा मी ओळीने तीन देशांना सारखेच गुण दिले, तर साडूंनी माझा कागद परत केला, लक्ष नाही तुमचं म्हणाले, आणि दुपारी तिन्ही गाणी मला पुन्हा ऐकवली. दुकानातही तेच. खोकल्याचं औषध न्यायला आलेल्या नॉर्वेच्या एका आजीबाईंना त्यांनी त्यांच्या देशाचं जुनं गाणं काउंटरमागून म्हणून दाखवलं. ते संपेपर्यंत आजीबाई एकदाही खोकल्या नाहीत, हे ते अजून सांगतात.

मागच्या वर्षी आपल्या भागातल्या देशांसाठी तशीच स्पर्धा निघाली. न्यूझीलंडचं गाणं निवडायचं होतं आणि कोणीही व्हिडिओ पाठवावा असं जाहीर झालं. साडूंनी दोन आठवड्यांची रजा टाकली. 'पायात जँडल, डोक्यावर ढग, किया ओरा म्हणतंय सारं जग' असं ते गाणं. जँडल म्हणजे इथल्या रबरी सपाता आणि किया ओरा म्हणजे माओरी नमस्कार. शब्द त्यांचे, चाल त्यांची, आवाजही त्यांचाच. चित्रीकरण माझ्याकडे आलं. मागच्या अंगणात लिंबाच्या झाडाखाली इस्त्रीच्या टेबलावर पेटी ठेवलेली, अंगात लग्नातली शेरवानी, तिची वरची तीन बटणं लागत नव्हती आणि पायात अर्थातच जँडल्स. मध्येच शेजाऱ्याने लॉनमोअर सुरू केला. दुसरा कोणी थांबला असता, यांनी त्याच्या घरघरीवर ताल धरला. संपल्यावर घाम पुसत म्हणाले, "खरं सांगा, कसं झालं?"

"स्वीट ॲज," मी इथल्या भाषेत झकास म्हणून टाकलं. खरं तर हसू दाबताना माझ्या हातातला फोन दोनदा हलला होता.

गाणं निवडलं गेलं नाही. पण सकाळच्या एका टीव्ही कार्यक्रमात, लोकांनी काय काय पाठवलं म्हणून, त्याचे काही सेकंद दाखवले. माउंट वेलिंग्टन भागातल्या आमच्या ऑफिसच्या लंचरूममध्ये तो तुकडा मोठ्या पडद्यावर लागला. निवेदक हसले, मग आमच्या टेबलावरचे दोघंतिघं हसले. माझ्या शेजारी बसणारी सहकारी, मूळची टोंगाची, ती हसली नाही. तिने सरळ मनाने विचारलं, "तू यांना ओळखतोस का?"

मी सँडविचकडे बघत नाही म्हणालो. वर म्हणालो, इंडियन काय, इथे हीप्स आहेत, ढिगाने. एवढं बोलायची काहीच गरज नव्हती.

पुढच्या सोमवारी ती मोठ्या उत्साहाने माझ्याकडे आली. आईच्या ब्लडप्रेशरच्या गोळ्या आणायला ती ओटाहुहूला गेली होती, आणि काउंटरवर तोच गाणारा माणूस. आईने त्याला अख्खं गाणं म्हणायला लावलं, आता स्वयंपाक करताना ती तेच गुणगुणते. मग ओघात हिने माझं नाव सांगून विचारलं होतं की आमच्या ऑफिसात पुण्याचा एकजण आहे, तुमची ओळख आहे का?

"काय म्हणाले ते?" मी विचारलं.

"आधी त्यांनी विचारलं, तो मला ओळखतो म्हणाला का? मी म्हटलं, नाही म्हणाला. तर म्हणाले, मग मीही त्याला ओळखत नसणार." तिला त्याची गंमत वाटली होती. मला तेव्हा जे वाटलं ते बायकोलाही सांगता आलं नाही.

अंतिम फेरीला साडूंनी आम्हाला नेहमीसारखंच बोलावलं. आपल्या देशाचं गाणं एका मुलीने गिटारवर म्हटलं आणि ते शेवटून दुसरं आलं. साडू एकटे उठले आणि टीव्हीसमोर उभं राहून तिच्यासाठी टाळ्या वाजवत राहिले. नंतर स्वयंपाकघरात बशा पुसताना मी सुरुवात केली, साडूभाऊ, त्या दिवशी ऑफिसात मी... त्यांनी माझ्या हातातली बशी घेतली, ओली राहिलीय म्हणाले, आणि स्वतः पुसली.

यंदा पुन्हा गाणी मागवली गेली. मी फोन करून म्हणालो, व्हिडिओ मी काढतो, या वेळी हात हलणार नाही. बघू, म्हणाले. मुदत संपायच्या आदल्या दिवशी मी त्यांच्या दुकानात गेलो. काउंटरवरच्या नव्या मुलीने काय हवंय विचारलं, तेव्हा रांगेतल्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात मी सांगितलं की मी यांचा साडू. तिला कळेना. बायकोची बहीण, तिचा नवरा, असं इंग्रजीत समजावताना माझी त्रेधा उडाली. मागे गोळ्या मोजत असलेले साडू मान वर न करता मराठीत म्हणाले, "फ्रेंड सांगा. तिला लवकर कळेल."

दुसऱ्या दिवशी मुदत संपली. त्यांनी गाणं पाठवलं नाही. का पाठवलं नाही, हे विचारायला माझी जीभ अजून रेटत नाही.