ठरलेली शिवी

“शिवी! आजी, शिवी!”

रविवारची दुपार होती. सांगलीच्या नाट्यगृहात लोक ओरडत होते आणि मी रंगमंचावर खुर्चीत तोंड मिटून बसले होते. आधी मागच्या रांगा ओरडल्या. मग त्यांनी टाळ्यांचा ठेका धरला आणि सगळं सभागृह त्यात सामील झालं. माझ्यासमोर आमच्याच कंपनीतला लंबू पोरगा, हातात कागद असल्यासारखं करून उभा होता. तो शेतकरी झाला होता आणि मी तलाठी. त्याच्या कपाळावरून घाम चालला होता. द्या एकदाची आणि सुटू या, असं तो डोळ्यांनी सांगत होता.

मी शिवी दिली नाही. हळूहळू ओरडणं थांबलं. कुणीतरी खोकलं. पहिल्या रांगेतल्या एकानं मोबाईल काढला आणि खाली मान घालून बघत बसला. मला पुढचं वाक्य सुचत नव्हतं.

आमच्या कंपनीत लिहिलेलं नाटक नसतं. प्रेक्षकांकडून एक शब्द मागायचा आणि त्यावर तिथल्या तिथं विनोदी प्रवेश करायचा, असा हा खेळ. कंपनी चालवते ती पोरगी मूळची मेढ्याची. तिच्यासोबत दोन पोरं, एक लंबू आणि एक बुटका. साताऱ्यात माझी खानावळ होती. तिघं माझ्याकडे जेवायला असायची आणि दुपारी गिऱ्हाईक संपलं की टेबलं सरकवून तिथंच तालीम करायची. मी भाकरी थापता थापता मध्ये बोलायचे.

“आरं, कंडक्टर कवा सॉरी म्हणतो का? कुठल्या गाडीत बघितलास?”

“मग आजी, तुम्हीच करून दाखवा,” पोरगी म्हणाली.

मी पिठाचे हात धुतले आणि करून दाखवलं. तेव्हापासून मी कंपनीत. माझं शिक्षण चौथी, पण या कामाला वाचावं लागत नाही. समोरच्यानं सांगितलेलं नाकारायचं नाही, हा त्यांचा पहिला नियम. त्यानं हे विमान आहे म्हटलं की ते विमान. व्हय म्हणायचं आणि गोष्ट पुढं न्यायची. मी पोरीला म्हणाले, “सगळ्यास्नी व्हय म्हणणारी खानावळवाली म्हैन्यात दुकान बंद करती.” पण शिकले. मला ते आवडायला लागलं. गेल्या वर्षी खानावळ सुनेच्या हाती दिली आणि पूर्ण वेळ यांच्यात आले.

शिवीचं असं झालं. साताऱ्यातल्या माझ्या पहिल्याच खेळात बुटका खुर्चीवर चढून डोंगर चढल्याचं दाखवत होता. खुर्चीचा पाय खरोखर सरकला. माझ्या तोंडून गेलं, “तुझा मुडदा बशिवला, पडशील की रं!” लोक हसून लोळले. कुणीतरी ते मोबाईलवर घेतलं आणि ते गावोगाव फिरलं. पुढच्या खेळाच्या जाहिरातीवर माझा फोटो आला. खाली लिहिलं होतं, ‘शिव्या देणारी आजी’.

तिथून माझी गोष्ट बिघडली. तालमीत मी डॉक्टर व्हायचे, पोस्टमन व्हायचे, एकदा नवरी झाले आणि बुटक्याच्या दातांवरून त्याला मांडवात सतरा प्रश्न विचारले. खेळात मात्र मी डॉक्टर झाले की लंबू सुई मोडायचा. पोस्टमन झाले की बुटका पत्र खायचा. का, तर मी चिडून शिवी द्यावी म्हणून. शिवी दिली की हशा व्हायचा, दिवे बंद, प्रवेश संपला. लोणंदला तेच, मेढ्याला तेच. ज्या खेळात काहीच ठरलेलं नसतं, त्यात माझं तेवढं ठरलेलं. मी तोंड उघडायच्या आत लोक हसायचे. मग मी काय बोलते याला अर्थ काय राहिला?

सांगलीला जाताना जीपमध्ये मी सांगून टाकलं, “आज शिवी न्हाई.”

“आजी, लोक त्यासाठीच येतात,” पोरगी म्हणाली.

“मग टेप करून लावा. मला कशाला हादरे खात न्हेताय?”

“आजी रुसल्या,” बुटका मागून म्हणाला.

“रुसाय मी काय तुझी बायको हाय? तुला पोरगी कोण देईना, तुला रुसवा काय ठावं?”

लंबू हसला, पोरगी हसली नाही. ती म्हणाली, “बरं. आज एक प्रवेश पूर्ण तुमचा. जमला तर शिवी बंद. पडला तर हा विषय पुन्हा काढायचा नाही.”

“आन् पडल्यावरबी मी न्हाईच म्हणले तर?”

“मग आजी, तुम्ही घरीच बसा.”

एवढं सरळ बोलली, ते बरं केलं.

खेळात तिनं शब्द मागितला. बाजूच्या रांगेतून एक गडी ओरडला, “उतारा!” लंबूनं त्याचा सातबारा केला आणि मी तलाठ्याच्या खुर्चीत बसले. तिथं हे ओरडणं सुरू झालं, आणि ते थांबल्यावर आम्ही दोघं तसेच एकमेकांकडे बघत राहिलो.

लंबूला ती शांतता सोसली नाही. त्यानं नेहमीचं आमिष टाकलं.

“बाई, हा अर्ज फाडून तुमच्या डोक्यावर टाकू काय?”

“टाका,” मी म्हणाले. “पण आधी सही करा.”

हे बोलले आणि पुढचं सुचलं. मांडीवर वही असल्यासारखं केलं, बोट खाली नेलं आणि थांबले.

“सही कशी करणार? हितं तुम्ही मयत दिसताय.”

नियमाप्रमाणे त्याला नाही म्हणता येत नव्हतं.

“व्हय, बाई,” तो बारीक आवाजात म्हणाला.

“कवा गेलात?”

“गेल्या दिवाळीत.”

“मग हितवर आलात कसं?”

“एस.टी.नं.”

“तिकीट अर्धं का पुरं?”

“पुरं घेतलं, बाई. कंडक्टर म्हणला, मयताला सवलत न्हाई.”

डाव्या बाजूला एक बाई हसली. मग तिच्या आसपासची हसली.

“उतारा वारसाच्या नावानं निघंल. बायकोला घेऊन या.”

“येत न्हाई, बाई. म्हणती, मेलेल्या माणसासंगं हिंडाय लाज वाटती.”

“मग मयताचा दाखला आणा.”

“कोण देतं?”

“मीच देती. पण त्याला मयत समक्ष हजर पायजे.”

दिवे बंद, प्रवेश संपला. निम्मं सभागृह हसलं. शिवीला हसायचे तेवढं नाही, हे मला ऐकू येत होतं. पहिल्या रांगेतले चौघे पुढचा प्रवेश सुरू व्हायच्या आधीच उठून गेले.

बाहेर तो शब्द देणारा गडी भेटला.

“आवं आजी, मी कारखान्याचा उतारा म्हणलो हुतो. उसातनं साखर किती निघती, त्यो.”

“मग तसं वरडायचं की.”

“आन् शिवी का न्हाई दिली? पोरास्नी घिऊन लांबनं आलोय.”

मी जीपकडे निघाले. इतकं जीव खाऊन केलं आणि त्याला पाहिजे होतं ते दुसरंच, दोन्ही बाबतीत.

परतताना कऱ्हाड मागं पडल्यावर शेवटी मीच विचारलं, “जमलं का पडलं?”

“अर्धं.”

“अर्ध्याचं काय ठरलं हुतं?”

“अर्ध्याचं काही ठरलं नव्हतं,” ती म्हणाली.

आठवड्यानं वडूजहून खेळ ठरवणाऱ्या माणसाचा फोन आला. पोरीनं तो मोठ्या आवाजावर लावला. “ती शिवीवाली आजी येणार ना? तिच्यासाठीच ठेवतोय कार्यक्रम.”

तिनं माझ्याकडे पाहिलं. मी शेंगा निवडत होते. हात थांबवला नाही.

“आजी येतील,” ती म्हणाली. “काय बोलतील ते मात्र सांगता येत नाही.”

त्यानं विचार करून सांगतो म्हटलं. पुन्हा फोन आला नाही. नंतर आणखी दोन ठिकाणांहून असंच झालं. पोरं कुरकुरली, त्यांचंही बरोबर होतं. खेळच नसतील तर त्यांनी करायचं काय?

सांगलीत त्या दिवशी आम्ही चौघं होतो. दोन्ही पोरं पुण्याला नोकरीला गेली. कंपनीत आता ती पोरगी आहे आणि मी आहे.