भिकोबांचं 'न्हाई'

भुताखेतांबद्दल मला काही म्हणायचं नाही. मी गेली वीस वर्षं पुण्याच्या एका स्टुडिओत निगेटिव्ह कापतोय आणि माझी श्रद्धा एकाच गोष्टीवर — जे निगेटिव्हमध्ये नाही ते प्रिंटमध्ये येत नाही, आणि प्रिंटमध्ये नाही ते पडद्यावर दिसत नाही. तरीही रिहे गावात जे पाहिलं ते आज लिहायला बसलोय. भीतीने नव्हे... आनंदाने. आणि थोड्या शरमेनेही.

साल सत्तावन्न किंवा अठ्ठावन्न असेल. आमच्या चित्रपटांत भिकोबा नावाचे एक नट असत. मूळचे मुळशीतल्या रिह्याचे. भाताची लावणी आटोपली की पुण्याला यायचे. पाटलाचा गडी, गाडीवान, चावडीचा राखणदार, अशी चाळीसेक चित्रपटांत कामं केलेली. संवाद मात्र जन्मभर एकच — "व्हय पाटील." मान डोलवायची, एवढं म्हणायचं आणि बाजूला व्हायचं. गावात त्यांचं नावच 'व्हयपाटील' पडलं होतं. सुनेच्या माहेरचे लोकसुद्धा त्याच नावाने घर विचारत यायचे.

मग एका चित्रपटात त्यांना दुसरा शब्द मिळाला. चावडीचा सीन. पाटील एका निरपराध माणसाकडे बोट करून गड्याला विचारतो, "ह्योच चोर. व्हय का रं?" आणि गडी पहिल्यांदाच म्हणतो — "न्हाई." कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर. भिकोबांच्या आयुष्यातला पहिला क्लोजअप, आणि पहिल्याच टेकला ओके! लाईटवाल्या पोरांनी टाळ्या वाजवल्या.

निगेटिव्हचा तो तुकडा माझ्या हातून गेला. टेबलावरून खाली लोंबत होता, माझ्या खुर्चीच्या पायाखाली आला आणि मधोमध चिरडला. दुसरा टेक नव्हता. दिग्दर्शकांना खरं सांगायची माझी हिंमत झाली नाही. म्हणालो, "भिकोबा शब्दाला अडखळलेत, सेटवर कळलं नाही. पाटलाच्या प्रश्नावरून सरळ नायकाच्या घोड्यावर गेलो तर सीन पळतो." ते घाईत होते. "काप," म्हणाले. चित्राचा तुकडा आणि आवाजाचा तुकडा, दोन्ही मी याच हातांनी भंगारात टाकले.

आठवड्याने भिकोबा माझ्या दारात. "सायेब, माजं न्हाई हाय न्हवं?"

मी म्हणालो, "आहे."

पुढे रिह्याच्या यात्रेला तंबूचा सिनेमा आला, तो नेमका हाच. भिकोबांनी मला आग्रहाने बोलावलं. खेळाआधी सगळं सांगून टाकायचं असं ठरवूनच मी गेलो. पण तिथे बोलायला सवड कुठली! ओढ्याकाठच्या कोरड्या खाचरात तंबू, दिवेलागणीची वेळ, भिकोबांच्या डोक्याला नवा फेटा, पहिल्या बाकावर आम्हा दोघांना मान.

मागून कोणी तरी ओरडलं, "काय व्हयपाटील, आज मान किती येळा हालवनार?"

"एकदाच," भिकोबा म्हणाले. "पर आडवी."

तंबू हसला. मी त्यांची बाही धरली. "भिकोबा, एक सांगायचंय..."

"आदी बगू सायेब, मग सांगा." त्यांनी पान तोंडात टाकलं आणि अंधार झाला.

चावडीचा सीन आला. पाटलाने विचारलं, "व्हय का रं?" मी मान खाली घातली. माझा जोड मला पाठ होता — 'रं' संपला की घोड्याच्या टापा.

टापा वाजल्याच नाहीत.

मी वर पाहिलं. पडदाभर भिकोबा! वरच्या ओठावर घामाचा थेंब... टेबलावर उलटासुलटा करून शंभरदा पाहिलेला तोच. डोळे पाटलावर रोखलेले. मान सावकाश आडवी हलली.

"न्हाई."

मोठ्याने नव्हे. साधंच. आणि मग तंबूत जे काही उसळलं! शिट्ट्या, फेटे हवेत, टोमणा मारणारा तर बाकावर चढून नाचत होता. भिकोबा माझ्या शेजारी होते. तोंडात पान, ओठ घट्ट मिटलेले, गालांवरून पाणी. त्यांची बाही अजून माझ्या मुठीत होती. ते बोलले नव्हते.

सकाळी तंबूच्या ऑपरेटरला घेऊन मी ते रीळ उन्हात उलगडलं. पाटील, आणि लगेच घोडा. मधे एक फ्रेमसुद्धा नाही. ऑपरेटरने तो जोड पुन्हा उन्हासमोर धरून पाहिला. "मीबी बघितलं की, राव," म्हणाला. "मग गेलं कुटं?"

दहा वर्षं होऊन गेली, मला उत्तर सापडलेलं नाही. गर्दीतून कोणी तरी बोललं म्हणावं, तर तो चेहरा कुठून आला? मला भास झाला म्हणावं, तर साऱ्या गावाला? त्या दिवसापासून भिकोबांना कोणी व्हयपाटील म्हटलं नाही, एवढं मात्र खरं.

एक गोष्ट राहिली. ती कुणालाही सांगितलेली नाही. त्या सकाळी रिह्याहून निघताना भिकोबांच्या पत्नी, सरुबाई, आंबेमोहोर तांदळाची पिशवी घेऊन आल्या. "ह्ये म्हनत व्हते, त्यो शबुद तुमीच राखला. व्हय का, सायेब?"

एकाच शब्दाचं काम होतं. भिकोबा माझ्याकडे पाहत उभे होते, पडद्यावर पाटलाकडे पाहिलं तसेच.

मी मान डोलवली. म्हणालो, "व्हय."